फुकटचा कोळसा

वसाहत उभारून जगवायच्या खेळांवर काही लिहिलं की चीट (खेळाच्या नियमांना बगल देणाऱ्या युक्त्या) आणि ट्रेनर (त्यासाठी चालू गेममधले आकडे बदलणारे वेगळे प्रोग्राम) यांबद्दलची पत्रं हमखास येतात. या वेळी ती इतकी आली की बाकीचे प्रश्न पुढच्या अंकावर ढकलले आणि अख्खं सदर यांनाच दिलं. सात वर्षं मी गेम तपासण्याचं, म्हणजे टेस्टिंगचं काम केलं. चीट तिथे रोज हातात असायचे, त्यामुळे त्यांच्याबद्दल माझ्या मनात ना भीती आहे ना आकस. मतं मात्र आहेत, आणि ती ठाम आहेत.

प्रश्न : ताई, मी ३६ वर्षांचा. मुलगी झोपली की रात्री तासभर मिळतो, तो रिमवर्ल्डला देतो. तिसऱ्या हिवाळ्यात माझी वसाहत उपासमारीने संपली. पुन्हा पहिल्यापासून मांडायचा धीर नव्हता, म्हणून ट्रेनर उतरवून घेतला आणि चांदी, पोलाद, जेवणं, सगळी कोठारं भरून टाकली. आता इतक्या मोठ्या टोळ्या चालून येतात की आधीपेक्षा लवकर खलास झालो. एवढं करूनही हरतो, हे कसं? आणि खरं सांगू, चोरी केल्यासारखं वाटतंय. — एका तासाचा राजा

उत्तर : आधी चोरीचं. तुम्ही एकटे खेळता, समोर कुणी नाही, कुणाचा क्रमांक खाली गेला नाही. चोरी कुणाची झाली? ते ओझं आजच उतरवून ठेवा.

आता टोळ्यांचं. रिमवर्ल्ड तुमच्या वसाहतीची श्रीमंती सतत मोजत असतो. कोठारातल्या वस्तूंची पूर्ण किंमत, बांधकामाची निम्मी, वर माणसं आणि जनावरं. हल्ला किती मोठा करायचा हे ठरवताना या बेरजेचा मोठा वाटा असतो. तुम्ही चांदीचे ढीग लावलेत तेव्हा खेळाच्या हिशेबात तुमची वसाहत रातोरात गडगंज झाली, आणि भिंती, शस्त्रं, लढणारी माणसं होती तेवढीच राहिली. खेळाने त्या श्रीमंतीला साजेसे लुटारू पाठवले. संकटं कधी आणि कशी आणायची ते ठरवणारा खेळातला सूत्रधार म्हणून कॅसँड्रा निवडा, फीबी निवडा नाहीतर रँडी, हा हिशेब तिघांच्याही मागे आहे. आणखी एक गोष्ट तुम्हाला ट्रेनरने सांगितली नसणार. तुमची माणसं मेली किंवा जबर जखमी झाली की खेळ काही काळ हात जरा आखडता घेतो. म्हणजे पडलेल्याला उठायला वेळ देण्याची सोय त्यात मुळातच आहे.

तुमचं दुखणं भुकेचं होतं, आणि औषध तुम्ही सगळ्याच आजारांवर घेतलंत. कठीणपणाच्या पर्यायांत ‘कस्टम’ निवडा. तिथे पिकाचं उत्पन्न वाढवता येतं, संकटांचं प्रमाण कमी करता येतं, श्रीमंतीचा आणि हल्ल्यांचा संबंध तोडायचीही सोय आहे. एवढ्यासाठी बाहेरचा प्रोग्राम लागत नाही.

आणि तिसऱ्या हिवाळ्याबद्दल एक अंदाज करू? तुम्ही मका लावला असणार. मका कमी मेहनतीत भरपूर देतो म्हणून सगळे लावतात, पण तो तयार व्हायला वेळ घेतो, आणि कापणीआधी थंडीची लाट आली तर शेतच्या शेत जातं. थोडा भात सोबत ठेवा, तो लवकर हाताशी येतो. आणि पेमिकन, म्हणजे खेळातलं टिकाऊ खाणं, करून ठेवा. रिमवर्ल्डचं वर्ष ६० दिवसांचं आणि पेमिकन शीतगृहाशिवाय ७० दिवस टिकतं. वीज गेली तरी हिवाळा निघतो.

प्रश्न : मी अकरावीत आहे. ट्रेनर आत नेमकं काय करतो? आणि तो उघडला की अँटिव्हायरस बोंब का मारतो? मित्र म्हणतो अँटिव्हायरस बंद कर आणि चालव. — के. आर.

उत्तर : मित्राचं ऐकू नकोस. आता कारण सांगते.

गेम चालू असताना तुझ्याकडे किती लाकूड आहे हा आकडा संगणकाच्या मेमरीत कुठेतरी लिहिलेला असतो. कुठे, ते माहीत नसतं. समज तुझ्याकडे ३५० लाकूड आहे. मेमरीत ३५० हा आकडा शोधलास तर हजारो जागी सापडेल. मग गेममध्ये एक झोपडी बांधायची. लाकूड ३४२ झालं. आता आधीच्या हजारो जागांपैकी ३५० चे ३४२ कुठे झाले तेवढ्याच बघायच्या. उरतील वीस-पंचवीस. आणखी एक झोपडी, आणखी एक गाळणी. तीन-चार फेऱ्यांत एक-दोन जागा उरतात, आणि तिथे ९९९९ लिहिलं की कोठार भरलं. कधी पडद्यावर ३४२ दिसतात आणि आत ३४२.६ असतात, तेव्हा शोध दशांशात घ्यावा लागतो. पहिल्यांदा मला हे जमलं तेव्हा मी खुर्चीतून उठून उभी राहिले होते, इतका आनंद झाला होता. तुला प्रोग्रामिंगची आवड असेल तर एकदा स्वतःच्या हाताने करून बघ. मेमरी, पूर्णांक, दशांश हे वर्गात महिन्याभरात कळतं ते तिथे एका दुपारी कळेल.

गेम बंद करून पुन्हा चालू केला की ती जागा बदललेली असते. म्हणून ट्रेनर बनवणारे त्या जागेपर्यंत नेणारा माग शोधून ठेवतात आणि तो एका बटणाला बांधतात. गेमचं अपडेट आलं की माग मोडतो, म्हणून जुना ट्रेनर नव्या आवृत्तीवर चालत नाही.

आता अँटिव्हायरस. एक प्रोग्राम दुसऱ्या चालू प्रोग्रामच्या मेमरीत शिरून लिहितो, हेच घातक प्रोग्रामसुद्धा करतात. अँटिव्हायरसला तुझा हेतू दिसत नाही, कृती दिसते. त्यामुळे निरुपद्रवी ट्रेनरवरही तो ओरडतो. आणि याच गोष्टीचा फायदा घेऊन लोक ट्रेनरच्या नावाखाली पासवर्ड चोरणारे प्रोग्राम पसरवतात. ‘आधी अँटिव्हायरस बंद करा’ ही सूचना दोन्हीकडे शब्दशः सारखीच असते. तुला बसल्या जागी खरं-खोटं ओळखता येणार नाही. मलाही येत नाही. घरातल्या ज्या संगणकावर बँकेचे व्यवहार होतात त्यावर तर हे अजिबात नको. रिमवर्ल्डच्या पर्यायांत ‘डेव्हलपमेंट मोड’ बनवणाऱ्यांनीच दिला आहे. तो चालू केलास की वस्तू, माणसं, हवामान, हल्ले, सगळं तुझ्या हातात, तेही काही न उतरवता.

आणि ऑनलाइन, दुसऱ्यांसोबत खेळताना ट्रेनर मागे नुसता उघडाही ठेवू नकोस. तिथे समोर माणसं आहेत, आणि खातं कायमचं बंद होऊ शकतं.

प्रश्न : माझा मुलगा ११ वर्षांचा. प्रत्येक खेळात आधी चीट शोधतो. कष्ट न करता सगळं मिळवायची सवय लागेल का, ही काळजी वाटते. बंदी घालू का? — एक आई

उत्तर : बंदी घालण्याआधी एक संध्याकाळ त्याच्या शेजारी बसा आणि चीट लावल्यावर तो पुढे काय करतो ते बघा.

१९८६ साली ग्रेडियस नावाच्या अंतराळातल्या लढाईच्या खेळाची घरगुती आवृत्ती कोनामी कंपनीत तयार होत होती. ते काम करणाऱ्या काझुहिसा हाशिमोतो यांना तपासणीसाठी तो खेळ शेवटपर्यंत खेळणं फार अवघड जात होतं. म्हणून त्यांनी बटणांचा एक क्रम घातला, तो दाबला की सगळी आयुधं मिळायची. तो क्रम विकलेल्या खेळातही राहिला, आणि पुढे जगभरच्या मुलांना तोंडपाठ झाला. सांगायचं हे की तो चीट एका कष्टाळू माणसाने काम पुरं करण्यासाठी बनवला होता. आम्ही टेस्टर मंडळीही तेच करायचो. शंभराव्या दिवशी पूल कोसळतो का हे बघायला शंभर दिवस कोण खेळणार?

तुमचा मुलगा फुकटच्या सामानातून काहीतरी उभारत असेल, ‘इथे पाणी सोडलं तर काय होतं’ असं करून बघत असेल, तर ती त्याची कार्यशाळा आहे आणि तिला हात लावू नका. नुसते आकडे वाढवून दहा मिनिटांत खेळ टाकून देत असेल, पुन्हा नवा, पुन्हा तेच, तर तो कंटाळलेला आहे. मग त्याला विचारा, यातलं अवघड काय वाटतं? मला आलेल्या बऱ्याच मुलांच्या पत्रांत उत्तर एकच असतं. खेळ सुरुवातीला काय करायचं ते नीट शिकवत नाही, आणि हरण्याची लाज वाटते. त्यावर उपाय तुमच्याकडे आहे. त्याच्यासोबत बसून तुम्हीही एकदा हरा.

प्रश्न : ऑक्सिजन नॉट इन्क्लुडेडमध्ये ऑक्सिजन अमर्याद करून घेतला, तरी ८०-९० दिवसांनी पिकं मरतात आणि सगळे उपाशी. चीट बिघडलाय का? — पी.

उत्तर : चीट बरोबर आहे, पिकांना उष्णता मारते आहे. तापमानाचं दृश्य उघडा, शेत लाल-पिवळं दिसेल. मीलवुड हे सुरुवातीचं पीक ३० अंशांच्या वर वाढायचं थांबतं. यंत्रं, बॅटऱ्या आणि पाण्यापासून ऑक्सिजन काढणारा इलेक्ट्रोलायझर, सगळे उष्णता सोडतात. इलेक्ट्रोलायझरमधून तर हवा ७० अंशांवर बाहेर पडते. एरवी ऑक्सिजनची मारामार करता करता खेळाडूचं लक्ष गरम हवेकडे जातं. तुमची ती मारामार संपली, त्यामुळे इशाराच मिळाला नाही.

नवा डाव ‘नो स्वेट’ या सोप्या पातळीवर सुरू करा, तिथे भूक आणि ताण दोन्ही सौम्य आहेत. यंत्रं शेतापासून लांब, मध्ये इन्सुलेशनच्या फरशांची भिंत. सँडबॉक्स, म्हणजे हवं ते फुकट मांडू देणारा खेळातलाच पर्याय, चालू केलात तर त्या वसाहतीत अचिव्हमेंट मिळत नाहीत, तेवढं लक्षात ठेवा.

प्रश्न : मला हातांचा त्रास आहे, बोटं वेळेवर हलत नाहीत. मी खेळाचा वेग निम्मा करणारं साधन वापरते. गटातले म्हणतात, मग तू खेळलीसच नाही. मला फार लागलं ते. — एस.

उत्तर : तुम्ही खेळलात. पूर्ण खेळलात.

हे मी समजूत घालायला म्हणत नाही. वसाहतीच्या खेळात कस लागतो तो निर्णयांचा. कुणाला उपाशी ठेवायचं, शेत आधी की भिंत, आजाऱ्याजवळ कोण बसेल. बोटं किती भरभर चालतात याची परीक्षा हा या खेळांचा विषयच नाही. म्हणून तर रिमवर्ल्डमध्ये, फ्रॉस्टपंकमध्ये खेळ थांबवून सावकाश हुकूम देता येतात. बनवणाऱ्यांनीच ते दार उघडं ठेवलं आहे, तुम्ही ते जरा रुंद केलंत. गटातल्यांना हे उत्तर दाखवा. त्यांना माझ्याशी वाद घालायचा असेल तर पत्ता अंकात आहे.

प्रश्न : फ्रॉस्टपंकमध्ये दोनदा हरलो. मग ट्रेनरने कोळसा अमर्याद केला आणि शेवटपर्यंत गेलो. शहर वाचलं. पण काहीच वाटलं नाही. सगळे इतकं कौतुक करतात, मला का नाही वाटलं? — व्ही. एम.

उत्तर : या पत्रावर मी दोन दिवस विचार केला, कारण माझ्याबाबतीत हेच झालं होतं, दुसऱ्या खेळात.

२०१४ साली बॅनिश्ड आला. हद्दपार झालेली काही कुटुंबं, जंगल, आणि हिवाळा. एकाच माणसाने बनवलेला खेळ, आणि किती निष्ठुर! माझी गावं भुकेने मरायची. तिसऱ्या गावाच्या वेळी मी ट्रेनर लावून धान्य कधीच संपणार नाही असं केलं, आणि निवांत झाले. घरं मी सुरुवातीलाच एका दमात बांधली होती. आता घाई कसली म्हणून नवी बांधलीच नाहीत. बरीच वर्षं गाव छान चाललं. मग माणसं कमी व्हायला लागली. कोठारं ओसंडत होती, सरपण रचलेलं होतं, आजार नव्हता. मी एकेका माणसावर क्लिक करत गेले. ६८. ७१. ७४. ६९. शाळा बांधलेली, आत कुणी नाही. बॅनिश्डमध्ये तरुण जोडप्याला स्वतंत्र घर मिळालं तरच पुढे मुलं होतात. मी घरं दिली नाहीत, सगळं गाव एकदम म्हातारं झालं, आणि भरल्या कोठारांच्या मधून एकेक जण गेला.

भुकेचा धाक असता तर मी माणसं मोजली असती. शेतावर हात किती, पुढच्या वर्षी किती लागतील, मुलं किती. धान्य अमर्याद झालं आणि मी माणसांकडे बघायचंच सोडलं. तो धाक काढला तेव्हा माझं लक्षही त्याच्याबरोबर गेलं.

तुमच्या फ्रॉस्टपंककडे बघू. शहराला ऊब देणारा जनरेटर कोळशावर चालतो, थंडी वाढत जाते, शेवटच्या वादळात पारा उणे १५० पर्यंत उतरतो. पण हा खेळ कोळशाचा आहे का? अगदी सुरुवातीला कायद्यांच्या पुस्तकात तो विचारतो, मुलांना कामाला लावायचं की त्यांच्यासाठी निवारा बांधायचा. हा प्रश्न बोचतो, कारण कोळशाच्या ढिगाऱ्यावर हात कमी पडत असतात आणि रात्री पारा पुन्हा उतरणार असतो. निवारा बांधला तर वखार रिकामी, कामाला लावलं तर ती मुलं तुम्हाला रोज बर्फातून कामावर जाताना दिसतात. तुमच्याकडे कोळसा अमर्याद होता. तुम्ही निवाराच निवडला असणार, क्षणभरही न थांबता. जादा पाळीचा कायदा तुम्हाला लागला नसणार. शेवटी खेळ तुमच्या शहराचे सगळे दिवस भराभर दाखवतो, तुम्ही काय काय केलंत त्याची नोंद वाचून दाखवतो. तुमच्या नोंदीत मन खाईल असं काही नव्हतंच, कारण तुम्हाला काहीच निवडावं लागलं नाही.

म्हणून एस. यांना मी एक सांगितलं आणि तुम्हाला दुसरं सांगते आहे. त्यांनी खेळाआड येणारी अडचण दूर केली. तुम्ही नकळत खेळ ज्यावर उभा आहे तीच टंचाई काढून घेतलीत. तुमचा दोष नाही, दोनदा हरल्यावर माणूस थकतो. सोपी पातळी घ्या, त्यात अपमान नाही. पहिल्याच दिवसापासून पंधराहून जास्त माणसं कोळशाला लावा, अभियंत्यांना संशोधनाला बसवा, आणि हीटरचं संशोधन मागे ठेवू नका. बहुतेक जण पहिल्या मोठ्या थंडीत हरतात ते याच तीन गोष्टी राहून गेल्यामुळे. आणि शहर पडायला लागलं तर पडू द्या. मागचा सेव्ह उघडून तीन दिवस मागे जा, आणि फक्त एक निर्णय वेगळा घ्या. सेव्ह मागे नेण्याला काही जण चीट म्हणतात. मी नाही म्हणत, कारण मागे गेलात तरी कोळसा मोजूनच वापरावा लागतो.

मी स्वतः दरवेळी निवारा बांधते. दोनदा त्यापायी शहर गेलं. तिसऱ्यांदा वाचलं तेव्हा वादळ संपल्यावर मी बराच वेळ फक्त रस्त्यांवरून कॅमेरा फिरवत बसले होते.

प्रश्न : ट्रेनर काढून टाकला, आता रिमवर्ल्डचा डाव उघडतच नाही. सहा महिन्यांची वसाहत आहे. काही करता येईल? घाईत आहे. — डी.

उत्तर : नवा डाव सुरू करू नका, नाहीतर त्याचे आपोआप होणारे सेव्ह जुन्यांवर लिहिले जातील. पर्यायांमध्ये सेव्हचं फोल्डर उघडायचं बटण आहे. त्या फोल्डरची आधी एक प्रत दुसरीकडे काढून ठेवा. तुम्ही पर्याय बदलला नसेल तर खेळ पाच ऑटोसेव्ह ठेवतो. तारखा बघा, सर्वांत नव्यापासून सुरुवात करा. ट्रेनरसोबत एखादा मॉडही (खेळात बदल करणारी जोडफाइल) काढला असेल तर तो परत बसवून मग उघडा, बऱ्याचदा अडतं ते तिथेच. उघडला तर लगेच नव्या नावाने सेव्ह करा, आणि मला कळवा.